दुपारी दीडचे नेट : क्रिकेट मंडळाला खुले पत्र

प्रति,
माननीय अध्यक्ष, सचिव आणि सर्व पदाधिकारी,
भारतीय क्रिकेट नियामक मंडळ,
क्रिकेट सेंटर, वानखेडे स्टेडियम, मुंबई.

महोदय,

सांगली जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी माझे हार्डवेअरचे छोटे दुकान आहे. माझी मुलगी चौदा वर्षांची आहे आणि ऑफस्पिन टाकते. मी क्रिकेटचा जाणकार नाही, पत्रकार नाही, कुठल्या संघटनेचा सभासदही नाही. मुलीची किट बॅग स्कूटरला बांधून तिला मैदानावर पोहोचवणारा बाप, एवढीच माझी ओळख. तेवढ्या अधिकारात हे पत्र लिहितो आहे.

2 नोव्हेंबर 2025 ची रात्र आपल्याला आठवत असेलच. पावसाने विश्वचषकाचा अंतिम सामना दोन तास उशिरा सुरू झाला आणि मध्यरात्रीच्या सुमारास नवी मुंबईत दीप्ती शर्माच्या चेंडूवर हरमनप्रीतने शेवटचा झेल घेतला. दक्षिण आफ्रिकेवर 52 धावांनी विजय. एकदिवसीय विश्वचषक पहिल्यांदा भारताच्या मुलींच्या हातात आला. आमच्या गल्लीत लोक दारे उघडून बाहेर आले, दिवाळीतून उरलेले फटाके वाजले. माझी मुलगी टीव्हीसमोर उभी राहून रडत होती. आपण लगोलग संघासाठी 51 कोटी रुपयांचे बक्षीस जाहीर केले. मुलींनी ते कमावले होते. त्याबद्दल आपले आभार.

त्याच आठवड्यात माझी मुलगी नेहमीप्रमाणे मैदानावर नेटच्या सरावाला गेली. तिच्या नेटची वेळ दुपारी दीड ते साडेतीन. सकाळचे नेट मुलांचे, संध्याकाळचे नेट मुलांचे. मधल्या उन्हाचे दोन तास मुलींचे, तेही विकेटवर मुलांचा सामना नसेल तर. मी विचारले तेव्हा उत्तर मिळाले, ‘दहा-बारा तर मुली आहेत, एवढ्यात भागतं त्यांचं.’ मैदानावर मुलींना कपडे बदलायला खोली नाही. स्वच्छतागृह एकच, त्याला कुलूप, आणि किल्ली माळीकाकांकडे. ते जेवायला घरी गेले की किल्लीही त्यांच्याबरोबर जाते. म्हणून या मुली नेटला येण्याआधी पाणी पीत नाहीत. एप्रिलमध्येसुद्धा. त्या संस्थेचे नाव मी इथे घेत नाही, कारण एकीचे नाव घेतले की बाकीच्या सुटतात. राज्यातल्या तालुक्यांच्या मैदानांवर चित्र काय आहे, हे आपल्याला मी सांगायला हवे असे नाही.

आपण भाषणांत स्मृती मानधनाचे नाव घेता. ती आमच्या सांगलीची. जन्म मुंबईचा, पण वाढली माधवनगरात. वडील आणि भाऊ दोघेही सांगली जिल्ह्याकडून खेळलेले. भावाचे नाव वर्तमानपत्रात छापून यायचे, ते पाहून हिने बॅट धरली. उजव्या हाताची ही मुलगी डावखुरी फलंदाज झाली ती वडिलांना डावखुऱ्या फलंदाजीचे वेड होते म्हणून. अनंत तांबवेकरांनी तिला घडवले. नवव्या वर्षी ती महाराष्ट्राच्या 15 वर्षांखालील संघात होती, अकराव्या वर्षी 19 वर्षांखालील. ऑक्टोबर 2013 मध्ये वडोदऱ्यात गुजरातविरुद्ध तिने 150 चेंडूंत नाबाद 224 धावा केल्या. एकदिवसीय सामन्यात द्विशतक करणारी ती पहिली भारतीय महिला ठरली. वय होते 17.

ते द्विशतक झाले ती स्पर्धा आपलीच होती, हे मी मान्य करतो. पण त्या स्पर्धेपर्यंत तिला कोणी पोहोचवले? घरातल्या बॅटीने, भावाच्या गोलंदाजीने, आईबापाच्या खेपांनी आणि एका स्थानिक प्रशिक्षकाच्या कष्टाने. हे सगळे एका घरात जुळून आले म्हणून स्मृती घडली. ज्या घरात क्रिकेट नाही, स्कूटर नाही, दुकान बंद ठेवून मुलीबरोबर जायची सोय नाही, त्या घरातल्या मुलीसाठी आपली कोणती व्यवस्था उभी आहे? याच सांगलीत विजय हजारे जन्मले. त्यांच्या नावाने आपण दरवर्षी करंडक खेळवता. सांगलीने हजारे दिले, सांगलीने स्मृती दिली. सांगलीच्या मुलींना आपण काय दिले?

मुलींचे क्रिकेट आपण सुरू केलेले नाही, याचीही आठवण करून द्यावी लागते. भारतीय महिला क्रिकेट संघटना 1973 मध्ये स्थापन झाली. त्याच वर्षी महिलांची पहिली आंतरराज्य स्पर्धा पुण्यात झाली. संघ तीनच होते : मुंबई, महाराष्ट्र आणि उत्तर प्रदेश. त्या पिढीने अनारक्षित डब्यातून प्रवास केले, वसतिगृहांच्या जमिनीवर झोप काढली आणि एकमेकींच्या पॅड-बॅटी वापरून कसोटी सामने खेळले. 1976 मध्ये पाटण्यात वेस्ट इंडिजला हरवून पहिली कसोटी जिंकलीही. 2005 च्या विश्वचषकात भारत अंतिम फेरीत गेला, तेव्हा एका सामन्यामागे हजार रुपये मिळाले, असे मिताली राजने नंतर सांगितले आहे. या उपाशी संघटनेचा कारभार 2006 मध्ये आपल्याकडे आला. तेव्हा सगळ्यांना वाटले, आता मुलींचे दिवस पालटले. जगातले सर्वांत श्रीमंत क्रिकेट मंडळ पाठीशी आले होते.

त्यानंतर काय झाले ते तारखांनीच सांगतो. खेळाडूंना वर्षाचा करार द्यायला आपल्याला 2015 उजाडले. मुलींसाठी 15 वर्षांखालील पहिली राष्ट्रीय स्पर्धा भरवायला डिसेंबर 2022 उजाडला. स्मृती नऊ वर्षांची असताना, त्या गरीब संघटनेचा कारभार आपल्या हाती येण्याच्या सुमारास, महाराष्ट्राचा 15 वर्षांखालील मुलींचा संघ होता. श्रीमंत मंडळाला त्या वयाच्या मुलींची देशपातळीवर आठवण व्हायला 16 वर्षे लागली. या 16 वर्षांत किती मुली तेराव्या-चौदाव्या वर्षी बॅट ठेवून घरी बसल्या, याची नोंद आपल्याकडे आहे का?

मुलींना मागे सारणे ही सवय जुनी आहे. 2013 मध्ये महिलांचा विश्वचषक मुंबईत होता. वानखेडेवर ठरलेले सामने तिथून हलवले गेले, कारण त्या मैदानावर रणजीचा अंतिम सामना खेळवायचा होता. जगभरचे संघ आपल्या दारात पाहुणे म्हणून आले होते आणि आपण आपल्या घरच्या मुलींना दुसऱ्या मैदानावर पाठवले. माझ्या मुलीला दुपारी दीडला मैदान मिळते, त्या निर्णयात आणि या निर्णयात मला काही फरक दिसत नाही. वर जे होते तेच खाली झिरपते.

2020 च्या टी-ट्वेंटी विश्वचषकात आपला संघ अंतिम फेरीत पोहोचला. मेलबर्नला तो सामना 8 मार्चला, महिला दिनी झाला. उपविजेतेपदाचे बक्षीस खेळाडूंच्या हाती पोहोचले नव्हते, ही बातमी मे 2021 मध्ये एका परदेशी वर्तमानपत्रात आली. चौदा महिने उलटून गेले होते. मुलींनी जिंकलेला पैसा मुलींना द्यायला आपल्याला परदेशातल्या वर्तमानपत्राची बातमी का लागली? या प्रश्नाचे मनाला पटेल असे उत्तर आजपर्यंत मिळालेले नाही.

ऑक्टोबर 2022 मध्ये आपण पुरुष आणि महिला खेळाडूंना सारखे सामना मानधन जाहीर केले : कसोटीला 15 लाख, एकदिवसीयला 6 लाख, टी-ट्वेंटीला 3 लाख. भेदभाव दूर करण्याच्या दिशेने हे पहिले पाऊल आहे, असे आपल्या तेव्हाच्या सचिवांनी सांगितले. आम्ही टाळ्या वाजवल्या. पण वार्षिक करार तसेच राहिले. 2018 मध्ये आपण जे आकडे ठरवले, त्यांत पुरुषांच्या सर्वोच्च श्रेणीला वर्षाला 7 कोटी आणि महिलांच्या सर्वोच्च श्रेणीला 50 लाख होते. म्हणजे चौदा पट. सारख्या मानधनाची घोषणा झाली तेव्हाही ही चौदा पट तशीच होती. आणि सामन्याचे मानधन सारखे असून उपयोग काय, जर सामनेच सारखे नसतील?

कसोटीचेच पाहा. नोव्हेंबर 2014 मध्ये म्हैसूरला झालेल्या कसोटीनंतर भारताच्या मुलींनी पुढची कसोटी खेळली ती जून 2021 मध्ये, ब्रिस्टलला. मधली साडेसहा वर्षे काहीच नाही. मिताली राज वीस वर्षांहून अधिक काळ भारतासाठी खेळली आणि तिच्या वाट्याला 12 कसोटी आल्या. स्मृतीने पहिली कसोटी ऑगस्ट 2014 मध्ये इंग्लंडमध्ये खेळली. त्यानंतरच्या दहा वर्षांत तिची कसोटींची संख्या सातवर पोहोचली. संधी मिळाली तेव्हा या मुलींनी काय केले तेही आपण पाहिले आहे. 2021 मध्ये ऑस्ट्रेलियात गुलाबी चेंडूवर स्मृतीचे 127. 2024 मध्ये चेन्नईत शफाली वर्मा 205 आणि स्मृती 149, दोघींची 292 धावांची सलामी आणि एका दिवसात 525 धावा. मुलींना कसोटी झेपत नाही, असे आता कोणी म्हणू शकणार नाही. मग त्यांना ती खेळू का दिली नाही? देशांतर्गत बहुदिवसीय सामने मुलींसाठी बंद होते, ते आपण 2024 मध्ये पुण्यात पुन्हा सुरू केले. बंद का केले होते, हे कोणी सांगितले नाही.

आता पोटाचा प्रश्न. महिलांच्या राष्ट्रीय स्पर्धा वर्षानुवर्षे रेल्वे जिंकत आली. मिताली, हरमनप्रीत, त्यांच्याआधी डायना एडलजी, या सगळ्या रेल्वेकडून खेळलेल्या. त्याचे कारण सगळ्यांना ठाऊक आहे : रेल्वे नोकरी देते. ज्या खेळावर आपण हजारो कोटी कमावता, त्या खेळातल्या मुलींचे घर रेल्वेच्या पगारावर चालले. राज्याकडून खेळणाऱ्या मुलीला आपण सामन्याच्या दिवसापुरते मानधन देता. विश्वचषकानंतर डिसेंबर 2025 मध्ये ते दिवसाला 20 हजारांवरून 50 हजारांवर नेले. चांगले केले. पण हे पैसे मैदानावर उतरलेल्या दिवसांचे आहेत. साखळीतच बाद होणाऱ्या संघातल्या मुलीला वर्षाला असे दिवस मिळतात किती? उरलेले वर्ष ती काय खाणार? आणि जी अजून राज्याच्या संघात पोहोचलेलीच नाही, तिच्या बुटांचे, बॅटीचे, एस.टी.च्या भाड्याचे पैसे कोण देणार? सध्या ते आम्ही देतो. माझ्यासारखे दुकानदार, शेतकरी, शिक्षक देतात. काही जण कर्ज काढून देतात.

सोलापूर जिल्ह्यातल्या मिरे गावची किरण नवगिरे आपल्याला माहीत आहे. शेतकऱ्याची मुलगी. 2022 मध्ये तिने टी-ट्वेंटीच्या एका सामन्यात नाबाद 162 धावा केल्या, तेव्हा ती नागालँडकडून खेळत होती. मार्च 2023 मध्ये आपल्या महिला प्रीमियर लीगमध्ये तिने अर्धशतक केले ते कुठल्याही कंपनीचे नाव नसलेल्या बॅटीने. त्या बॅटीवर तिने स्वतःच्या हाताने धोनीच्या नावाची आद्याक्षरे आणि सात हा आकडा लिहिला होता. टीव्हीच्या पडद्यावर लोकांनी ते कौतुकाने पाहिले. मी पाहिले तेव्हा मला लाज वाटली. ऑक्टोबर 2025 मध्ये नागपूरला महाराष्ट्राकडून खेळताना तिने 34 चेंडूंत शतक ठोकले. महिलांच्या टी-ट्वेंटीत इतक्या कमी चेंडूंत शतक तोवर जगात कोणी केले नव्हते. ते शतक किती लोकांना पाहता आले? माझ्या मुलीला ते दाखवायचे असेल तर मी तिला कुठे दाखवू?

पैसा नाही, असे आपण म्हणू शकत नाही. जानेवारी 2023 मध्ये महिला लीगचे पाच संघ 4669.99 कोटी रुपयांना विकले गेले. पाच वर्षांचे प्रक्षेपणाचे हक्क 951 कोटींना गेले. पुरुषांची लीग 2008 ची, मुलींची 2023 ची. मधली पंधरा वर्षे आम्हाला सांगितले गेले की मुलींचे सामने कोणी पाहणार नाही. लोकांनी पाहिले. मैदाने भरली. फेब्रुवारीच्या लिलावात स्मृतीला 3 कोटी 40 लाखांची बोली लागली आणि आमच्या जिल्ह्यात त्या दिवशी मुलींच्या आया त्याविषयी बोलत होत्या. मग या साडेपाच हजार कोटींतले जिल्ह्यापर्यंत किती आले? तालुक्यापर्यंत किती? मुलींच्या एका स्वच्छतागृहापुरते तरी आले का?

हा हिशेब मी कोणाकडे मागू? ज्या महाराष्ट्राने केंद्राच्या 2005 च्या कायद्याआधीच स्वतःचा माहिती अधिकार कायदा केला, त्या महाराष्ट्रात आपले मुख्यालय आहे. 2018 मध्ये विधी आयोगाने आपल्याला माहिती अधिकाराखाली आणण्याची शिफारस केली. त्याच वर्षी केंद्रीय माहिती आयोगाने तसा आदेश दिला. आपण त्याविरुद्ध न्यायालयात गेलात. 2025 च्या राष्ट्रीय क्रीडा प्रशासन कायद्यात माहिती अधिकार सरकारी मदत घेणाऱ्या संस्थांपुरता ठेवला गेला आणि आपण पुन्हा बाहेर राहिलात. आपण सरकारी पैसा घेत नाही, हे खरे. पण आपला संघ छातीवर भारताचे नाव लावून उतरतो आणि राष्ट्रगीताला उभा राहतो. ते नाव आणि ते गीत आमचे सगळ्यांचे आहे. आपण सार्वजनिक स्वरूपाचे काम करता, असे सर्वोच्च न्यायालयानेही 2015 मध्ये सांगितले आहे. मग सार्वजनिक उत्तर द्यायला अडचण कोणती?

माझ्या मागण्या मोठ्या नाहीत. महिला क्रिकेटमधून आलेला आणि महिला क्रिकेटवर गेलेला पैसा जिल्हावार जाहीर करावा. आपल्या निधीवर चालणाऱ्या प्रत्येक मैदानावर मुलींना सकाळचे किंवा संध्याकाळचे नेट आठवड्यातून निम्मे दिवस द्यावे आणि ते वेळापत्रक मैदानाच्या फाटकावर लावावे. मुलींसाठी कपडे बदलायची खोली आणि उघडे स्वच्छतागृह नसेल, तर त्या संस्थेचे अनुदान रोखावे. निवड चाचणीची सूचना किमान पंधरा दिवस आधी द्यावी. आमच्याकडे एकदा आदल्या रात्री व्हॉट्सॲपवर निरोप आला आणि चाचणी होती दीडशे किलोमीटरवर. दोन मुली पोहोचूच शकल्या नाहीत. प्रत्येक जिल्ह्यात किमान एक महिला प्रशिक्षक पगारावर नेमावी. खेळून थांबलेल्या कितीतरी मुली हे काम आनंदाने करतील. आणि शालेय वयातल्या मुलींना वर्षाला किती सामने मिळतील, याचा आकडा हंगाम सुरू होण्याआधी जाहीर करावा.

यातल्या कुठल्याही गोष्टीसाठी नवे स्टेडियम बांधावे लागत नाही. घटना बदलावी लागत नाही. एक परिपत्रक काढावे लागते आणि ते पाळले जाते की नाही हे पाहायला माणूस पाठवावा लागतो. हे आजवर का झाले नाही, एवढेच आम्हाला सांगावे.

विश्वचषक जिंकल्याच्या दुसऱ्या दिवशी गावात मला चार घरांतून विचारणा झाली : आमच्या मुलीलाही क्रिकेटला घालायचंय, कुठे जायचं? त्यातल्या एकीला मी घेऊन गेलो. मुलगी अकरा वर्षांची आहे, हात मोकळा आहे, चेंडू लांब फेकते. तिच्या आईने वेळ विचारली. मी दुपारी दीड म्हणालो. आईने उन्हाकडे पाहिले, मग त्या कुलूप लावलेल्या दाराकडे पाहिले आणि म्हणाली, ‘बघू, सुट्टीत पाठवू.’ मुलगी अजून आलेली नाही. ती पुढे कोण झाली असती, हे मला माहीत नाही. आपल्यालाही ते कधी कळणार नाही.

या पत्राचे उत्तर मला खासगीत नको. जाहीर द्यावे. तोवर माझी मुलगी दीडच्या नेटला जात राहील. घरून निघताना मी तिच्या हातात पाण्याची बाटली देतो. ती भरलेली परत येते.

आपला,
सांगली जिल्ह्यातला एक बाप